पाचवे शील आणि मजुरीचा दिवस

पंचशीलातील पाचव्या शिक्षापदात तीन द्रव्यांची नावे आणि एक कारण आले आहे. धान्याच्या पिठापासून किंवा भातापासून केलेली ती सुरा. फुले, फळे, मध, गूळ यांच्या आसवापासून केलेले ते मेरय. आणि मद आणणारे जे जे काही ते मज्ज, अशी फोड अट्ठकथाकारांनी केली आहे. कारण मात्र एकच दिले आहे, ते म्हणजे ‘पमादट्ठान’, प्रमादाचे स्थान. हे शील आपण विहारात नित्य म्हणतो. म्हणणाऱ्यांच्या शेवटच्या रांगेत, क्वचित बाहेरच्या ओट्यावर, एखादा असा उपासक बसलेला असतो की पाचव्या शीलापाशी येताच त्याचा आवाज खाली जातो. त्याने सकाळीच घेतलेली असते. ती घेतली नसती तर त्याचे हात जोडलेले राहिले नसते, ते थरथरले असते. प्रस्तुत लेख या उपासकाविषयी आहे.

दारूचे दुष्परिणाम वाचकांना ठाऊक आहेत आणि त्यांची यादी येथे पुन्हा देण्याचे प्रयोजन नाही. व्यसनात सापडलेला मनुष्य दिवस कसा काढतो, काम कोणते करतो, त्याला कोण कामावर घेते, मजुरीचा पैसा कोणत्या वाटेने जातो आणि त्याच्या घरचे कशावर जगतात, याची चर्चा मात्र आपल्या व्याख्यानांतून फारशी होत नाही. आपण त्या मनुष्याला ‘दारुडा’ हा एकच शब्द देतो आणि पुढे जातो. पालि वाङ्मयात ‘ब्यसन’ हा शब्द निराळ्या अर्थाने येतो. तेथे ब्यसन म्हणजे हानी, आपत्ती. अंगुत्तर निकायात अशा पाच हानी सांगितल्या आहेत: आप्तांची, संपत्तीची, आरोग्याची, शीलाची आणि दृष्टीची. मराठीतील ‘व्यसन’ ही मनुष्याने धरलेली सवय आहे. पालितील ‘ब्यसन’ ही त्याच्यावर कोसळलेली हानी आहे. हा फरक ध्यानात ठेवून पुढील विवेचन वाचावे.

हिंगोली जिल्हा १ मे १९९९ रोजी परभणीतून वेगळा झाला. हिंगोली, कळमनुरी, सेनगाव, औंढा नागनाथ आणि वसमत हे त्याचे पाच तालुके. २०११ च्या जनगणनेनुसार लोकसंख्या सुमारे ११ लाख ७७ हजार. कयाधू आणि पूर्णा या नद्यांच्या आधाराने काही भाग बागायती झाला असला, तरी जिल्ह्याचा मोठा भाग कोरडवाहू आहे. सोयाबीन, कापूस, तूर ही पिके. वसमतची हळद तर आता भौगोलिक मानांकन मिळवून बसली आहे. मोठे कारखाने नाहीत. त्यामुळे भूमिहीन आणि अल्पभूधारक मनुष्याच्या उपजीविकेचे मार्ग मोजकेच राहतात. सालगडी म्हणून राहणे, रोजंदारीने जाणे, गुत्त्याने काम घेणे, मोंढ्यात हमाली करणे, किंवा दिवाळीच्या आगेमागे कोयता घेऊन साखर कारखान्यांच्या वाटेला लागणे.

व्यसन वाढत जाते तसा मनुष्य या मार्गांवरून एकेक पायरी खाली उतरतो. सालगड्याचा करार पाडव्याला होतो आणि वर्षभर चालतो. त्यात पहाटे गुरांचे शेण काढण्यापासून रात्री पाणी पाळी देण्यापर्यंत हजर असण्याला मोल आहे. ज्याची सकाळ कंपाने सुरू होते त्याला हे जमत नाही. दोनदा तीनदा तो उशिरा येतो, बैल दावणीला उपाशी राहतात आणि पुढच्या पाडव्याला मालक दुसरा गडी पाहतो. मग रोजंदारी. तेथेही सकाळच्या ठरल्या वेळेला माणसे गोळा होतात आणि उशिरा आलेला परत जातो. उरते ते गुत्त्याचे काम. अमुक एकर निंदून द्यायचे, अमुक ट्रक भरून द्यायचा, अमुक विटा थापायच्या. केव्हा केले हे कोणी विचारत नाही, झाले की पैसे. व्यसनी मनुष्याला हेच काम मानवते, कारण त्यात तो दुपारपर्यंत सावरून मग हात लावू शकतो, आणि काम संपताच हातात रोख रक्कम पडते. ती रक्कम संध्याकाळी पडते आणि गावातले दुकान संध्याकाळीच भरते. (मराठवाड्यात ‘गुत्ता’ हा शब्द ठोक कामाच्या करारालाही लावतात आणि दारूच्या अड्ड्यालाही. आबकारीचा मक्ता घेणाऱ्या गुत्तेदारापासून दोन्ही अर्थ एकत्र आले असावेत. निजामाच्या संस्थानात आबकारीचे उत्पन्न हा खजिन्याचा मोठा आधार होता, त्या काळाची ही खूण आपल्या बोलीत राहिली आहे.)

अशा मनुष्याचा एक दिवस डोळ्यांसमोर आणावा. कोणा विशिष्ट व्यक्तीचा नव्हे, जिल्ह्यातील कोणत्याही मोठ्या गावात दिसणारा. पहाटे जाग येते ती घामाने आणि मळमळीने. हात थरथरतात, चहाची बशी तोंडापर्यंत नेताना सांडते. त्याच्या मेंदूने वर्षानुवर्षे दारूच्या गुंगीशी जुळवून घेण्यासाठी स्वतःला अधिक उत्तेजित ठेवण्याची सवय लावून घेतलेली असते. रात्रीची दारू उतरली की ती उत्तेजना एकटी उरते. म्हणून तो सकाळी ‘उतारा’ घेतो. पाहणाऱ्याला वाटते हा सकाळीसुद्धा चैन करतो. वस्तुतः ही चैन फार पूर्वी संपलेली असते. तो आता कामावर उभे राहता यावे एवढ्यासाठी पितो. उताऱ्याने हात स्थिर होतात. मग तंबाखूचा विडा, कारण तंबाखूने भूक मरते आणि जेवणावाचून दुपार निघते. मग काम. दुपारी पुन्हा अंग ओढू लागते. पाठीवर पोती वाहणारा हमाल आणि हळद काढणीत दिवसभर कुदळ मारणारा मजूर सांगतो की, अंग ठणकते म्हणून घेतो. त्याचे म्हणणे खोटे नाही. दारू वेदना काही वेळ दाबते. पण ती झोपेची प्रत बिघडवते, स्नायू दुबळे करते, आणि दुसऱ्या दिवशी तेच पोते अधिक जड लागते.

तंबाखूचा उल्लेख बुद्धवचनात नाही हे सांगून काही उपासक मोकळे होतात. तंबाखू भारतात आली ती पोर्तुगीजांच्या मागून, तथागतांनंतर दोन सहस्र वर्षांनी, तेव्हा ती बुद्धवचनात असणार कशी? २०१६-१७ च्या राष्ट्रीय तंबाखू सर्वेक्षणानुसार महाराष्ट्रातील २६.६ टक्के प्रौढ तंबाखूचे सेवन करतात, आणि त्यांपैकी बहुतेक चघळण्याची तंबाखू खातात. गुटख्यावर राज्यात २०१२ पासून बंदी आहे. ती बंदी पानटपरीवर किती दिसते हे वाचकांनी स्वतःच पाहावे.

आता पैशाचा हिशेब. २०२५-२६ या वर्षी रोजगार हमीची महाराष्ट्रातील मजुरी दिवसाला ३१२ रुपये होती. जून २०२५ मध्ये राज्य मंत्रिमंडळाने उत्पादन शुल्क वाढविले तेव्हा देशी दारूच्या १८० मिलिलिटरच्या बाटलीची किमान किंमत ८० रुपये ठरली. दिवसाला अशा दोन बाटल्या घेणारा मनुष्य १६० रुपये देतो, म्हणजे मजुरीच्या निम्म्याहून अधिक. महिन्याचे ४८०० रुपये होतात. काम मिळाले नाही त्या दिवशीही दारू लागतेच, कारण शरीर कामाचा दिवस आणि बिनकामाचा दिवस ओळखत नाही. कोरडवाहू गावात महिन्याला वीस दिवस काम मिळाले असे धरले तर ६२४० रुपये येतात. त्यांतून दारू वजा जाता १४४० उरतात. एवढ्यात तेल, मीठ, औषध, वह्या, वीजबिल बसवायचे. ते बसत नाही. म्हणून तो उसने घेतो, आधी नातेवाइकांकडून, मग दुकानदाराकडून, शेवटी मुकादमाकडून.

तरीही ही घरे उभी असतात. याचे कारण त्या घरातील स्त्री. तिची मजुरी पुरुषापेक्षा कमी असते, पण ती घरी येते. निंदणी-खुरपणी, कापूस वेचणी, हळदीची कामे यांवर कित्येक संसार चालतात. ती मजुरीचे पैसे डब्यात ठेवत नाही, कारण डबा सापडतो. ती बचत गटात भरते किंवा शेजारणीकडे ठेवते. व्यसनी मनुष्याच्या उपजीविकेचा विचार करताना ही गोष्ट सोडून चालणार नाही. त्याचा निम्मा खर्च दुसऱ्या कोणाच्या श्रमातून भागतो आणि त्याची कोठेच नोंद होत नाही.

ऊसतोडीत तर हे परावलंबन लेखी स्वरूपात येते. तेथे मजुरीचे एकक मनुष्य नाही, ‘कोयता’ आहे, आणि एक कोयता म्हणजे बहुधा नवरा-बायकोची जोडी. तो ऊस तोडतो, ती पाचट काढते, मोळ्या बांधते, डोक्यावरून गाडीत नेऊन टाकते. मुकादम हंगामाआधी जोडीला उचल देतो आणि ती हंगामात फेडून घ्यायची असते. एक दिवस काम बुडाले की तो ‘खाडा’ धरला जातो आणि त्याचे पैसे कापले जातात. आता नवरा कोपीत पडून राहिला तर काय होते ते पाहा. एकट्या बाईने कोयता चालत नाही. तिचे दोन्ही हात धड असूनही खाडा दोघांच्या नावे पडतो. हंगामाअखेर उचल फिटत नाही, बाकी निघते, आणि ती बाकी पुढच्या वर्षीच्या उचलीत चढते. नवरा पितो आणि कर्ज दोघांचे होते. पुढच्या वर्षी तिने जायचे नाही म्हटले तरी जावे लागते.

मजुरीत दारू मिसळण्याचा प्रकार केवळ आपल्याकडचा नाही. दक्षिण आफ्रिकेतील केप प्रांतात द्राक्षमळ्यांचे मालक मजुरांना वेतनाचा एक भाग द्राक्षमद्याच्या रूपाने देत. ‘डॉप’ या नावाने ही पद्धत ओळखली जाई. तिला कायद्याने बंदी झाली, पण तिच्या खुणा त्या मजुरांच्या वस्त्यांत पुढच्या पिढ्यांपर्यंत टिकल्या. गर्भावस्थेत मद्याचा परिणाम झालेल्या बालकांचे प्रमाण तेथे जगात अत्यंत वरचे आढळले आहे. आपल्याकडे लेखी पद्धत नाही. पण रात्री ट्रक भरायचा असला, निवडणुकीची सभा असली, विहिरीचे काम उरकायचे असले की मजुरीसोबत बाटलीचे आश्वासन दिले जाते, हे सर्वांना माहीत आहे. दिघ निकायातील सिगालोवाद सुत्तात मद्यपानाचे सहा आदीनव सांगितले आहेत: धनहानी, कलहवृद्धी, रोग, अपकीर्ती, निर्लज्जता आणि बुद्धीचे दौर्बल्य. ते आपण नेहमी उद्‌धृत करतो. त्याच सुत्तात पुढे मालकाची सेवकांप्रति पाच कर्तव्येही आहेत: त्यांच्या शक्तीनुसार काम द्यावे, अन्न व वेतन द्यावे, आजारात शुश्रूषा करावी, विशेष खाद्य वाटून खावे, वेळेवर विश्रांती द्यावी. पहिला भाग व्यसनी मजुराला ऐकवायचा आणि दुसरा भाग त्याच्या मालकाला ऐकवायचा नाही, हे सुत्ताचे अर्धे वाचन झाले.

विक्रेत्यांविषयीही थोडे. वणिज्जा सुत्तात उपासकाने न करण्याचे पाच व्यापार आहेत: शस्त्रांचा, प्राण्यांचा, मांसाचा, मद्याचा आणि विषाचा. नियम स्पष्ट आहे. पण गावात हातभट्टी लावणाराही बहुधा भूमिहीनच असतो, आणि त्यांत कधी पतीच्या निधनानंतर दुसरे साधन न उरलेली स्त्री असते. मोहफूल किंवा काळा गूळ आणि नवसागर यांवर ती भट्टी चालते. पोलीस येतात, मडकी फोडतात, गुन्हा नोंदवतात, आणि परवान्याचे दुकान चौकात उघडेच राहते, कारण त्याचा कर शासनाला मिळतो. महात्मा फुले यांनी पुणे नगरपालिकेचे सभासद असताना १८८० मध्ये शहरात दारूच्या दुकानांना मोकळीक देण्यास विरोध नोंदविला होता. तेव्हापासून आजपर्यंत खजिन्याचा युक्तिवाद बदललेला नाही. कूटदन्त सुत्तात राजाला सल्ला मिळतो तो आठवावा: चोरांना दंड करून चोऱ्या थांबणार नाहीत, शेतकऱ्याला बी द्या, व्यापाऱ्याला भांडवल द्या, सेवकाला वेतन द्या. भट्टी फोडल्यानंतर त्या बाईला दुसरे काम कोण देतो, हा प्रश्न त्याच जातीचा आहे.

हातभट्टीत मिथेनॉल मिसळले की काय होते हे मुंबईतील मालवणी येथे जून २०१५ मध्ये दिसले. शंभराहून अधिक माणसे गेली, आणि ती बहुतेक सर्व हातावर पोट असणारी होती. मिथेनॉलचे शरीरात फॉर्मिक आम्ल बनते आणि ते प्रथम दृष्टीवर आघात करते. दुकाने बंद पडली म्हणजे तलफ बंद पडत नाही, हेही कोरोनाच्या काळात कळून आले. एप्रिल २०२१ मध्ये शेजारच्या यवतमाळ जिल्ह्यात वणी येथे दारू मिळेना म्हणून हात धुण्याचे निर्जंतुक द्रावण प्यायलेली सात माणसे दगावली. त्या बातमीवर अनेकांनी हसून मान हलवली होती. ज्याने कंपाची पहाट पाहिली आहे तो हसणार नाही.

यावरून एक गोष्ट येथे कळकळीने सांगावयाची आहे, आणि तिच्याचसाठी हा लेख मुख्यतः लिहिला आहे. वर्षावासात, आषाढी पौर्णिमेला, किंवा १४ एप्रिल आणि अशोक विजयादशमीसारख्या प्रसंगी विहारात दारू सोडण्याचे संकल्प घेतले जातात. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपूर येथे बोधिसत्त्व डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी दिलेल्या बावीस प्रतिज्ञांत मद्य न पिण्याची प्रतिज्ञा आहे, आणि त्या प्रतिज्ञेच्या बळावर कित्येक वस्त्यांचे रूप पालटले हे खरे आहे. परंतु जो मनुष्य वर्षानुवर्षे दररोज पितो आणि ज्याला सकाळी उतारा लागतो, त्याने संकल्पाच्या भरात दारू एकाएकी तोडली तर पहिल्या दिवसात कंप व घाम, पहिल्या दोन दिवसांत फिट, आणि दोन ते चार दिवसांच्या दरम्यान भ्रम अशी अवस्था येऊ शकते. भ्रमात त्याला भिंतीवर किडे दिसतात, कोणी मारायला आल्याचा भास होतो, ताप चढतो. उपचार झाले नाहीत तर यात मृत्यू येतो. घरचे लोक याला बाहेरची बाधा समजतात, कोणी अंगारा आणतो, कोणी दोरीने बांधतो. विहारातील लोक म्हणतात, संकल्प मोडला म्हणून असे झाले. दोन्ही समज चुकीचे आहेत. ही वैद्यकीय आपत्ती आहे. तिच्यावर औषधे आहेत आणि ती साधी आहेत. शामक गोळ्यांची मात्रा काही दिवसांत कमी करत न्यायची, ‘ब’ जीवनसत्त्वातील थायमिन द्यायचे, पाणी व क्षार सांभाळायचे. हे डॉक्टरच्या देखरेखीखालीच करावयाचे असते. म्हणून संकल्प देणाऱ्याने आधी दोन प्रश्न विचारावेत: रोज घेता का, आणि सकाळी हात थरथरतात का? उत्तर होकारार्थी आले तर संकल्पाआधी रुग्णालय.

रुग्णालयाकडे जाणारे किती थोडे असतात ते २०१९ च्या राष्ट्रीय सर्वेक्षणाने दाखविले. दिल्लीच्या अखिल भारतीय आयुर्विज्ञान संस्थेच्या व्यसनोपचार केंद्राने केलेल्या त्या पाहणीनुसार देशात सुमारे १६ कोटी लोक मद्य घेतात, त्यांपैकी सुमारे २ कोटी ९० लाख मद्यावर अवलंबून आहेत. आणि अशा ३८ जणांपैकी एकालाच कोणता तरी उपचार मिळतो. रुग्णालयात दाखल होऊन उपचार घेणारा १८० मध्ये एक. २०१७ च्या मानसिक आरोग्य सेवा कायद्याने मद्य व अमली द्रव्यांशी निगडित मानसिक अवस्थांना मानसिक आजाराच्या व्याख्येत घेतले आहे, तेव्हा उपचार मागणे हा आता हक्क आहे. बांधून ठेवणे, मारहाण करणे, ‘केंद्र’ म्हणून पाटी लावून कोंडणे हे त्या कायद्याच्या विरुद्ध आहे. हिंगोलीत २०२४ मध्ये शासकीय वैद्यकीय महाविद्यालय सुरू झाले. १४४४६ हा व्यसनमुक्तीचा निःशुल्क राष्ट्रीय दूरध्वनी क्रमांक विहाराच्या फलकावर लिहून ठेवण्यास खर्च येत नाही.

उपचाराच्या आड येणारी खरी अडचण पुन्हा उपजीविकेचीच आहे. पुण्यात डॉ. अनिता (सुनंदा) अवचट आणि अनिल अवचट यांनी पु. ल. देशपांडे व सुनीताबाईंच्या देणगीच्या साहाय्याने १९८६ मध्ये ‘मुक्तांगण’ सुरू केले. तेथील निवासी उपचार पस्तीस दिवसांचा असतो. बरे झालेले रुग्णच पुढे समुपदेशक होतात, आणि कुटुंबीयांनाही उपचारात सामावून घेतले जाते. ही पद्धत महाराष्ट्रात आदर्श मानली जाते, ती योग्यच. पण हिंगोलीच्या मजुराच्या दृष्टीने पस्तीस दिवस म्हणजे पस्तीस दिवसांची बुडालेली मजुरी, शिवाय सोबत जाणाऱ्याची, शिवाय प्रवासभाडे. सरकारी नोकराला वैद्यकीय रजा असते, सालगड्याला नसते. म्हणून गावाने करावयाची मदत उपदेशाच्या रूपात करू नये. त्या पस्तीस दिवसांचा शिधा त्या घरी पोहोचवावा आणि परतल्यावर त्याला कामावर घेण्याची तयारी एखाद्या उपासक-शेतकऱ्याने दाखवावी. गुत्त्याचे काम देऊ नये, रोजाचे द्यावे. आणि सुरुवातीचे काही महिने पैसे, त्याच्याच संमतीने, त्याच्या पत्नीच्या हाती द्यावेत. ‘संमतीने’ या शब्दावर भर आहे. संमतीवाचून केलेली हीच गोष्ट अपमान ठरते आणि अपमान दुकानाकडे नेतो.

परतलेल्यांपैकी अनेक जण पुन्हा पितात. यात नवल नाही. मधुमेही मनुष्य पथ्य मोडतो तेव्हा आपण त्याला ढोंगी म्हणत नाही. प्रतीत्यसमुत्पादाच्या साखळीत वेदनेपासून तृष्णा आणि तृष्णेपासून उपादान होते, हे आपण पाठ म्हणतो. तलफ म्हणजे हीच साखळी शरीरात चालताना दिसणे होय. अमेरिकेतील मानसशास्त्रज्ञ ॲलन मार्लाट यांनी विपश्यनेच्या अभ्यासातून प्रेरणा घेऊन एक उपाय मांडला. तलफ ही लाटेसारखी चढते, शिखर गाठते आणि ओसरते. तिच्याशी झुंजू नये, तिच्या मागेही जाऊ नये, ती ओसरेपर्यंत पाहत राहावे. वेदना आणि तृष्णा यांच्या मध्ये असलेली फट एवढीच काय ती मोकळी जागा आहे. थायलंडमध्ये सराबुरी प्रांतातील थाम क्राबोक विहारात १९५९ पासून व्यसनी लोकांवर उपचार होतात. तेथे वनस्पतीचे वांतिकारक औषध आणि सत्यप्रतिज्ञा अशी दोन साधने आहेत, आणि प्रतिज्ञा मनुष्याला एकदाच देतात असे म्हणतात. ती कठोरता आपल्याकडे चालेल असे मला वाटत नाही. आपल्या पाचही शीलांना ‘सिक्खापद’ म्हटले आहे, शिकण्याची पायरी. आणि ती रोज पुन्हा ग्रहण करण्याची प्रथा आहे, याचा अर्थच ती मोडू शकते हे धरून चाललेले आहे.

मद्यपी मनुष्याविषयी तथागतांची वागणूक कशी होती याची दोन उदाहरणे तिपिटकात आहेत. कोसंबीत सागत नावाच्या भिक्खूने नागाला वश केल्याची कीर्ती झाली, तेव्हा लोकांनी घरोघरी त्याला स्वच्छ मद्य दिले आणि तो नगराच्या दारापाशी पडला. भगवंतांनी आधी त्याला उचलून आरामात आणविले. तो पाय भगवंतांकडे करून पडला होता. नागाला वश करणारा हा आता पाणसापाला तरी वश करू शकेल का, असे त्यांनी भिक्खूंना विचारले, आणि नंतर मद्यपानाचा नियम घातला. उचलून आणणे आधी आणि नियम नंतर, हा क्रम विनयपिटकातील आहे. हाच सागत पुढे तेजोधातूत कुशल असलेल्यांमध्ये अग्र म्हणून गणला गेला.

दुसरे उदाहरण संयुत्त निकायातील सरकानि शाक्याचे. तो मद्य पीत असे. तो मरण पावला तेव्हा तो स्रोतापन्न झाला असे भगवंतांनी सांगितले, आणि शाक्य चिडले. असा मनुष्य स्रोतापन्न होत असेल तर कोण होणार नाही, अशी त्यांची कुरकुर महानामाने भगवंतांच्या कानी घातली. भगवंतांनी आपले म्हणणे मागे घेतले नाही. सरकानिने दीर्घकाळ त्रिशरण धरले होते, आणि मरणसमयी शिक्षा ग्रहण केली होती, असे त्यांनी सांगितले. कपिलवस्तूतील शाक्यांची ती कुरकुर आपल्याही विहार समित्यांच्या बैठकीत ऐकू येते: हा पिणारा, याला पुढे कशाला बसवता, याच्या घरचे जेवणदान कशाला घेता.

कामाच्या पंचांगाकडे एकदा पाहिले पाहिजे. आषाढी पौर्णिमेपासून आश्विन पौर्णिमेपर्यंतचे तीन महिने हा वर्षावास. याच काळात ऊसतोड मजूर गावात असतात. निंदणी-खुरपणी चालू असते, पण पुरुषांना कामाचा ताण तुलनेने कमी असतो. पस्तीस दिवस काढायचे तर ते याच काळात निघू शकतात. आणि याच काळात मुकादम गावात येऊन पुढच्या हंगामाची उचल वाटू लागतो. वर्षाकाठी त्या घरात एकगठ्ठा येणारी बहुधा ही एकच रक्कम असते. ती पुरुषाच्या हाती पडते की दोघांच्या नावे खात्यात जमा होते, तीतून पहिल्या आठवड्यात किती उरते, यावर त्या जोडीचा पुढचा सगळा हिवाळा ठरतो. वर्षावासातील प्रवचनांची कार्यक्रमपत्रिका आखताना समितीच्या सदस्यांनी आपल्या वस्तीत कोणाच्या घरी उचल येणार आहे, आणि त्यांतील कोणाला सकाळी उतारा लागतो, याची वही आषाढीपूर्वीच करून ठेवावी.